क्रॅकचा सेटअप अँटिव्हायरस बंद करायला सांगतो, ते खरंच 'फॉल्स पॉझिटिव्ह' (खोटा इशारा) असतं का?

तुटका_कंट्रोलर
क्रॅक केलेल्या गेमच्या झिपमध्ये रीडमी असते: पासवर्ड १२३४, डिफेंडर (विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस) बंद करा, सेटअप अ‍ॅडमिन म्हणून चालवा. क्रॅक आहे म्हटल्यावर अँटिव्हायरस ओरडणारच, असं सगळे सांगतात. यात तथ्य किती? आणि सेटअप चालवला, पण खिडकीच उघडली नाही, तर पुढे काय करायचं?

शून्य_बाइट
अर्धं खरं आहे, म्हणून तर खपतं. क्रॅकची डीएलएल (प्रोग्रॅमला जोडली जाणारी कोडची फाइल) गेमच्या कोडमध्ये ढवळाढवळ करते, त्यामुळे निरुपद्रवी क्रॅकवरही इशारा येतो. पण मालवेअरवरही तसाच येतो. नुसत्या इशाऱ्यावरून फरक कळत नाही.

पासवर्ड बघा. रीडमीतच लिहिलेला पासवर्ड तुमच्यापासून काय लपवणार? तो स्कॅनरसाठी आहे, कुलूपबंद झिपच्या आतलं त्याला वाचता येत नाही.

मग आकार. व्हायरसटोटल (अनेक अँटिव्हायरसनी फाइल तपासणारी साइट) ६५० एमबीपेक्षा मोठी फाइल घेत नाही, म्हणून चार-पाच एमबीच्या एक्झीत (चालवायच्या .exe फाइलीत) नुसती शून्यं कोंबून ती ७०० एमबीची करतात. झिप करताना ही शून्यं दाबली जाऊन जवळपास नाहीशी होतात. झिप ६ एमबीची आणि आतली एक्झी ७०० ची दिसली, तर तिथेच थांबा. ६० जीबीचा गेम असा दाबला जात नाही.

रात्रपाळी
'गेम चालतोय, म्हणजे फाइल स्वच्छ' हेही डोक्यातून काढा. 'स्टारीडोब्री' मोहिमेत (कॅस्परस्कीचा अहवाल, २०२५) बीमएनजी ड्राइव्ह, गॅरीज मॉड या गेमचे रिपॅक (दाबून पुन्हा बांधलेले सेटअप) सप्टेंबर २०२४ पासूनच टॉरेंटवर होते. त्यातला मायनर (तुमच्या मशीनवर चोरून क्रिप्टो कमावणारा प्रोग्रॅम) सुटला ३१ डिसेंबरला. प्रोसेसरला ८ कोअर नसतील तर तो सुरूच व्हायचा नाही, आणि टास्क मॅनेजर उघडला की गप्प बसायचा. त्याआधीचा 'क्रॅकोनॉश' हा मालवेअर (अव्हास्टचा अहवाल, २०२१) मशीन सेफ मोडमध्ये नेऊन डिफेंडरच उडवायचा.

शून्य_बाइट
खिडकी न उघडणं हे बहुधा स्टीलरचं (माहिती चोरणाऱ्या मालवेअरचं) लक्षण. ब्राउझरमधले पासवर्ड, कुकीज, डिस्कॉर्डचं टोकन (लॉगिनची किल्ली), क्रिप्टो वॉलेट एवढं गोळा करायला त्याला मिनिटभर पुरतं. चालू सेशनची कुकी (तुम्ही आधीच लॉगिन आहात हे साइटला सांगणारी नोंद) गेली की ओटीपी विचारलाच जात नाही. म्हणून क्रम चुकवू नका:

आधी त्या मशीनचं नेट तोडा. दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून पहिल्यांदा ईमेल: पासवर्ड बदला, सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट करा, फॉरवर्डिंगचा अनोळखी नियम दिसला तर काढा. मग बँक, स्टीम, डिस्कॉर्ड. नवे पासवर्ड बाधित मशीनवर टाइप केलेत तर तेही गेले.

डिफेंडरच्या 'एक्सक्लूजन्स'मध्ये (स्कॅनमधून वगळायच्या यादीत) अख्खा सी ड्राइव्ह टाकलेला असेल, तर 'काही सापडलं नाही' या निकालाला काडीची किंमत नाही. तसंही स्कॅनवर विसंबू नका. फोटो, कागदपत्रं, सेव्ह फाइल तेवढ्या उचला (एक्झी एकही नको) आणि दुसऱ्या मशीनवर बनवलेल्या पेन ड्राइव्हवरून, सगळी पार्टिशन पुसून विंडोज नव्याने टाका.

तुटका_कंट्रोलर
आणि डाउनलोडआधी 'रोबो नाही हे सिद्ध करा, विंडोज + आर दाबून पेस्ट करा' येतं ते?

रात्रपाळी
बटण दाबताच पॉवरशेलची (विंडोजला थेट आज्ञा देणाऱ्या प्रोग्रॅमची) कमांड क्लिपबोर्डवर कॉपी झालेली असते. ती आधी नोटपॅडमध्ये पेस्ट करून बघा, खरा प्रकार दिसेल. खरा कॅप्चा ('रोबो नाही'ची चाचणी) ब्राउझरच्या बाहेर पाऊल टाकत नाही.