शोहरे आगदाश्लू यांनी '२४' स्वीकारायला हवी होती का?

धागाकर्ती : शोहरे आगदाश्लू हे नाव आपल्याकडे क्वचितच निघते. १९५२ साली तेहरानमध्ये जन्मलेल्या या अभिनेत्रीने इराणी दिग्दर्शक अब्बास कियारोस्तामी यांच्या १९७७ च्या 'द रिपोर्ट'मध्ये काम केले, इराणमधल्या इस्लामी क्रांतीच्या धामधुमीत देश सोडला, इंग्लंडमध्ये आंतरराष्ट्रीय संबंधांचे शिक्षण घेतले आणि पुढे लॉस एंजेलिसमध्ये पती हुशंग तोझी यांच्या फारसी नाटकांतून भूमिका केल्या. 'हाउस ऑफ सँड अँड फॉग'साठी (२००३) सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर नामांकन मिळाले, तेव्हा त्यांनी पन्नाशी ओलांडली होती. इतक्या उशिरा मिळालेल्या या मानानंतर २००५ मध्ये त्यांनी '२४' या अमेरिकी मालिकेत दहशतवादी कटात सामील असलेली गृहिणी दीना अराझ साकारली, हे मला आजही खटकते. मुस्लिम संघटनांनी आक्षेप घेतल्यावर वाहिनीला नायक कीफर सदरलँड यांच्याकडून निवेदन करवून घ्यावे लागले. वाहिनीलाच सारवासारव करावी लागली, तर भूमिका निर्दोष कशी म्हणायची?

प्रतिसाद १ : असहमत. नकार देण्यासाठी हाती दुसरे काम असावे लागते, आणि परक्या उच्चाराच्या, पन्नाशीच्या स्त्रीसाठी तिथे कितीशा भूमिका लिहिल्या जात होत्या? शिवाय दीना निव्वळ खलनायिका नाही. मुलाच्या मैत्रिणीला विष देणारी ही बाई, नवरा मुलाच्या जिवावर उठताच त्याच्याविरुद्ध उभी राहते. हा बदल आगदाश्लू संवादांपेक्षा चेहऱ्यावर अधिक दाखवतात. 'हाउस ऑफ सँड अँड फॉग'मधली त्यांची नादी आठवा. जिच्या घरावरून सारा वाद पेटला आहे, त्या बाईच्या जखमी पायाला नादी पट्टी बांधते, आणि मोडक्यातोडक्या इंग्रजीमुळे ती कुठेही केविलवाणी वाटत नाही.

धागाकर्ती : अभिनयाबद्दल वाद नाहीच, तुम्ही विषय बदलत आहात. उत्तम अभिनयामुळे तर 'मुस्लिम म्हणजे दहशतवादी' हा साचा अधिक खरा वाटतो आणि प्रेक्षकांच्या मनात घट्ट बसतो.

प्रतिसाद २ : मला दोघांचेही पूर्ण पटत नाही, कारण खरी गोची '२४'पुरती नाही. 'हाउस ऑफ सद्दाम' या मालिकेत त्या सद्दामच्या पत्नी साजिदा झाल्या आणि २००९ मध्ये त्यासाठी त्यांना एमी हे टीव्हीचे पारितोषिक मिळाले. १९८० ते १९८८ अशी आठ वर्षे ज्या इराकशी इराण लढला, तिथल्या हुकूमशहाच्या घरात इराणी अभिनेत्री! (तेहरानमध्ये हे पाहताना लोकांना काय वाटले असेल?) पुढे 'द एक्सपान्स' या विज्ञानकथा मालिकेत (२०१५ ते २०२२) त्या क्रिसजेन अवसरला झाल्या. आडनाव तेलुगू, अंगावर साडीच्या वळणाची भरजरी वस्त्रे आणि मूळ भारतीय. इराणी, अरब, भारतीय हे सारे एकाच चेहऱ्यात खपते, असे निर्मात्यांनी गृहीत धरले. यात तेलुगू अभिनेत्रीची संधी गेली, त्याचे काय?

प्रतिसाद १ : आक्षेप रास्त आहे, पण तो निर्मात्यांवर आहे. पहिल्याच भागात नातवाशी खेळणारी ही आजी थोड्या वेळाने कमी गुरुत्वाकर्षणात वाढलेल्या एका कैद्याला पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाखाली लटकवून ठेवून त्याची चौकशी करते, आणि तोच खर्जातला, घोगरा आवाज दोन्हीकडे चालतो. त्यांच्या उच्चाराचा खुलासा तिथे कोणी मागत नाही.

धागाकर्ती : अवसरला मलाही आवडते. मात्र ती भूमिका '२४'नंतर दहा वर्षांनी आली आणि तीही भविष्यातल्या काल्पनिक पृथ्वीवरची. आजच्या अमेरिकेतली, इराणी उच्चाराची एखादी साधी डॉक्टर किंवा शेजारीण त्यांच्या वाट्याला आली असती, तर मी हा धागा काढलाच नसता.