१७ तारखेचा फ्लेक्स

रोझी टीचर, ए-२०३: सेक्रेटरीसाहेब, १७ मार्चच्या सणासाठी गेटवर लावलेला संत पॅट्रिकचा, म्हणजे आयर्लंडमध्ये ख्रिस्ती धर्म पसरवणाऱ्या संतांचा, फ्लेक्स कुणी पास केला? नाताळच्या गोंधळानंतर प्रूफ आधी ग्रुपवर टाकायचं ठरलं होतं. वर शॅमरॉकचं तीन पाकळ्यांचं पान, पायाखाली साप, खाली ‘ख्रिस्त माझ्यासोबत, ख्रिस्त माझ्यापुढे – संत पॅट्रिक, इ. स. ४३२’. चारपैकी चार चुका.

सेक्रेटरी: नमस्कार टीचर. युथच्या मुलांनी हौसेने केलंय. भावना बघावी.

खजिनदार, बी-१०१: फ्लेक्सचे पैसे कोणत्या खात्यातून?

रोझी टीचर: भावना बघूनच विचारतेय. पॅट्रिकने आयर्लंडमधले साप हाकलले म्हणतात, पण हिमयुगात आयर्लंड बर्फाखाली होतं. बर्फ गेल्यावर समुद्र आडवा आला आणि साप तिथे पोचलेच नाहीत. पॅट्रिकच्या आधी, तिसऱ्या शतकात, सोलिनस नावाचा रोमन लेखक लिहून गेलाय की या बेटावर साप नाहीत. नव्हते ते हाकलले कसे? आणि त्यांनी त्या पानावरून त्रैक्य, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव, हे समजावलं ही गोष्ट लिखाणात दिसते ती थेट अठराव्या शतकात. त्यांनी स्वतः त्रैक्याबद्दल लिहिलंय, पण ती सरळ श्रद्धाकबुली आहे, त्यांच्या आत्मकथनाच्या, म्हणजे ‘कबुलीजबाबा’च्या चौथ्या परिच्छेदात. पानबिन काही नाही.

फर्नांडिस अंकल, सी-४०१: ४३२ चं मी सांगतो. पोप सेलेस्टिन यांनी ४३१ मध्ये आयर्लंडला बिशप पाठवला तो पॅलेडियस, हे त्याच काळातल्या प्रॉस्पर नावाच्या लेखकाच्या इतिवृत्तात आहे. ४३२ हे साल नंतरच्या आयरिश इतिवृत्तांतलं, बरोब्बर पुढच्या वर्षी बसवलेलं. पॅट्रिकने एकही साल लिहिलेलं नाही.

बी-३०४: पाणी ६ ला की ७ ला?

सेक्रेटरी: साडेसहा.

जॉन, ए-१०२: पण ‘ख्रिस्त माझ्यासोबत’ तर त्यांचंच ना? सगळीकडे त्यांच्याच नावावर आहे.

रोझी टीचर: नावावर आहे, हातचं नाही. ती प्रार्थना जुन्या आयरिश भाषेत आहे आणि भाषेवरून अभ्यासक ती आठव्या शतकाच्या आसपासची धरतात. पॅट्रिक पाचव्या शतकातले, लिहिणार लॅटिन. त्यांची म्हणून धरली जातात ती दोनच लिखाणं: ६२ परिच्छेदांचा कबुलीजबाब आणि कोरोटिकस नावाच्या सरदाराच्या सैनिकांना पत्र. प्रार्थना सुंदर आहे, जरूर म्हणा. तिला कवचच म्हणतात.

जोशी काका, सी-१०३: म्हणजे रामरक्षेसारखं? शिर, भाल, डोळे...

रोझी टीचर: जात तीच काका. रामरक्षा अवयव घेते, ही दिशा घेते. पुढे, मागे, आत, खाली, वर, उजवीकडे, डावीकडे. मग निजताना, बसताना, उठताना. लोक इथेच थांबतात. खरी पुढची ओळ आहे: माझा विचार करणाऱ्या प्रत्येकाच्या मनात ख्रिस्त, माझ्याबद्दल बोलणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडी ख्रिस्त.

जॉन: या ग्रुपवर ती ओळ जरा जड जाईल.

फर्नांडिस अंकल: त्याच प्रार्थनेत ‘बायका, लोहार आणि द्रुइड यांच्या मंत्रांपासून राख’ असंही आहे. द्रुइड म्हणजे तिथले जुने पुजारी. छापताना गाळतात.

शैलाताई, बी-२०२: बायकांचं नाव पहिलं का?

फर्नांडिस अंकल: मी नाही लिहिलं, ताई.

जॉन: आणि लोहार म्हणजे आपला लिफ्टवाला.

सेक्रेटरी: लिफ्टचा विषय कृपया इथे नको.

शैलाताई: का नको? अकरा दिवस जिना चढतोय.

खजिनदार: फ्लेक्सचे पैसे कोणत्या खात्यातून?

जॉन: ईस्टरआधीचा उपवासकाळ चालू आहे, तर फ्लेक्सवर ‘रोज १०० प्रार्थना, पॅट्रिक चॅलेंज’ टाकूया का? शंभर तर त्यांनीच लिहिलंय ना?

रोझी टीचर: लिहिलंय, १६ व्या परिच्छेदात. दिवसात शंभरपर्यंत, रात्री जवळजवळ तेवढ्याच. पण कुठे, ते वाच. सोळाव्या वर्षाच्या आसपास पळवून नेलेला मुलगा, गुलाम, मेंढरं राखतोय. रानात, डोंगरावर, उजाडायच्या आधी, बर्फात, हिवात, पावसात. अशी सहा वर्षं. वडील डीकन, म्हणजे धर्मगुरूच्या खालच्या पायरीवर, आजोबा धर्मगुरू, तरी तोवर खऱ्या देवाची ओळख नव्हती असं स्वतःच म्हणतात. पहिल्या दिवशी शंभराचं लक्ष्य ठेवलं की तिसऱ्या दिवशी माळ खुंटीवर जाते. त्यांनी आकडा मागाहून सांगितलाय, आधी ठरवून गाठलेला नाही.

जॉन: टीचर, २०१९ च्या पार्किंगच्या मीटिंगमध्ये तुम्हीच म्हणाला होतात की तरुणांना काहीतरी ठोस द्या.

रोझी टीचर: २०१९ कशाला काढलंस?

फर्नांडिस अंकल: जुनं उकरणं पॅट्रिकच्याही वाट्याला आलं. साधारण पंधराव्या वर्षी केलेली चूक डीकन होण्याआधी जिवलग मित्राजवळ कबूल केली. तीस वर्षांनी वरिष्ठांनी तीच त्यांच्या कामाविरुद्ध वापरली, आणि ती फोडली त्याच मित्राने. चूक काय, ते पॅट्रिक सांगत नाहीत. हे त्यांच्या हिशेबात पाप म्हणून धरू नकोस, एवढं देवाजवळ मागतात. मित्राबद्दल मात्र दुःख लपवत नाहीत.

जॉन: सॉरी टीचर.

रोझी टीचर: असू दे. फ्लेक्सवर ओळ हवी तर १२ व्या परिच्छेदातली घ्या. ‘मी खोल चिखलात पडलेला दगड होतो. सामर्थ्यवान आला, दयेने मला उचललं आणि भिंतीच्या अगदी वर ठेवलं.’ आठ बाय चारवर दोन ओळींत बसेल. चित्र हवंच तर दगडी गडग्याचं. साल नको.

जोशी काका: ही ओळ फार आवडली. गडग्याचा वरचा दगड हाताने ठेवावा लागतो, तो आपोआप चढत नाही.

खजिनदार: फ्लेक्सचे पैसे कोणत्या खात्यातून?

शैलाताई: अहो, चौथ्यांदा!

खजिनदार: तिसऱ्यांदा. मोजा.

फर्नांडिस अंकल: खजिनदारांना हसू नका. पॅट्रिक पैशांबद्दल यांच्याहून कडक. बायका दागिने आणून वेदीवर टाकायच्या, ते परत करायचे. बायकांना राग आला तरी परत. ५० व्या परिच्छेदात लिहितात: इतक्या हजारांना बाप्तिस्मा दिला, कुणाकडून अर्धं नाणं घेतलं असेल तर सांगा, परत करतो. धर्मगुरूंना दीक्षा दिली तीही फुकट, जोड्याची किंमतसुद्धा घेतली नाही. खर्च मात्र उघड मांडलाय. राजांना भेटी, सोबत चालणाऱ्या राजपुत्रांना वेतन, न्याय करणाऱ्यांना निदान पंधरा माणसांची किंमत.

सेक्रेटरी: हे सगळं छान आहे, पण संतांचं मुख्य शिकवणं प्रेम आणि शांती. वाद नको.

रोझी टीचर: मग कोरोटिकसचं पत्र वाचा. नुकता बाप्तिस्मा झालेले लोक, अंगावर शुभ्र वस्त्रं, कपाळावरचं तेल अजून दरवळतंय. दुसऱ्या दिवशी काही कापले, बाकीचे पकडून नेले. नेणारे स्वतःला ख्रिस्ती म्हणवणारे. पॅट्रिकने आधी एका धर्मगुरूबरोबर पत्र पाठवून कैदी परत मागितले. सैनिक हसले. म्हणून हे दुसरं, जाहीर पत्र. अट अशी: रडून प्रायश्चित्त करून कैदी सोडत नाहीत तोवर त्यांच्या पंक्तीला खाऊ-पिऊ नका आणि त्यांचं दान घेऊ नका.

खजिनदार: दान घेऊ नका. बरोबर. आता फ्लेक्सच्या उजव्या कोपऱ्यात बघा. ‘सौजन्य’ लिहून कुणाचा फोटो आहे?

शैलाताई: अरे देवा. ज्याने लिफ्टचं काम अर्धवट टाकलं, तोच!

जोशी काका: झूम करून बघितलं. तोच.

जॉन: लोहारापासून राख.

सेक्रेटरी: हा मेसेज डिलीट केला गेला

खजिनदार: काय डिलीट केलंत साहेब?

बी-३०४: पाणी आलं. बारीक येतंय, बादल्या भरून घ्या.