रेनडिअरच्या कळपाला भेट : सामींची ओळख की दोन तासांचा देखावा?

उत्तरवाट

नॉर्दर्न लाइट्स बघायला उत्तर नॉर्वेतल्या ट्रॉम्सोला जाणाऱ्या आपल्या मंडळींच्या कार्यक्रमात आता एक अर्धा दिवस ठरलेला असतो. रेनडिअरला हाताने चारा घालायचा, स्लेजमधून एक फेरी मारायची, लाव्वू म्हणजे सामींच्या (नॉर्वे, स्वीडन, फिनलंड, रशिया यांच्या उत्तरेतले मूळनिवासी) तंबूत शेकोटीपाशी बसून बिदोस हा रेनडिअरच्या मांसाचा रस्सा खायचा, गाक्ती हा सामींचा पारंपरिक पोशाख घातलेल्या यजमानाचा योइक, म्हणजे त्यांचं पारंपरिक गाणं, ऐकायचा आणि बसमध्ये बसायचं. माहितीपत्रकात याला 'सामी संस्कृतीचा अनुभव' म्हणतात. मला कोणी विचारलं तर मी स्पष्ट सांगते, यावर पैसे घालवू नका.

कारण सांगते. नॉर्वेतल्या सामींपैकी रेनडिअर पाळणारा साधारण दहातला एक. बाकीच्यांचे पूर्वज फ्योर्डच्या, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या खाड्यांच्या, काठाने मासेमारी करायचे, दोन-चार गाई-मेंढ्या ठेवायचे. या सागरी सामींवर नॉर्वेजियन करून टाकण्याच्या सरकारी धोरणाचा घाव सर्वांत खोल बसला. शाळेत मुलांची भाषा बंद केली. १९०२ च्या कायद्याने नॉर्वेच्या उत्तर टोकाच्या फिनमार्कमध्ये सरकारी जमीन विकत घ्यायची तर नॉर्वेजियन बोलता-लिहिता येण्याची अट आली. १९४४ च्या शरदात माघार घेणाऱ्या जर्मन फौजेने फिनमार्क जाळला, तेव्हा घरंदारं, होड्या, जुनी भांडीकुंडी, सगळंच गेलं. त्यानंतर कित्येक घरांनी आपण सामी आहोत हे पोरांना सांगायचंसुद्धा सोडून दिलं. यातलं लाव्वूतल्या शेकोटीपाशी काय दिसतं?

आणि 'खरा सामी म्हणजे रेनडिअरवाला' हे चित्र निरागस नाही. स्वीडनच्या सरकारने नेमकं हेच चित्र धरून धोरण आखलं होतं. १९१३ च्या कायद्याने डोंगरात फिरणाऱ्या पशुपालकांच्या मुलांसाठी वेगळ्या 'भटक्या शाळा' काढल्या, तिथे शिक्षण मुद्दाम तोकडं ठेवलं, मुलांना पक्क्या घरांची सवय लागू नये म्हणून. ज्यांच्याकडे रेनडिअर नव्हते त्यांना स्वीडिश समाजात विरघळवून टाकायचं ठरलं. आज पर्यटन तेच चित्र विकतंय.

फ्योर्डकाठी

उत्तरवाट ताई, इतिहास बरोबर मांडलात. निष्कर्ष मला अजिबात पटत नाही. मी ट्रॉम्सोत राहतो. इथल्या ज्या तळांवर लोक जातात त्यांतले बरेचसे सामी पशुपालक कुटुंबांचेच आहेत. नॉर्वेच्या सामी भागात हा व्यवसाय कायद्याने सामींसाठी राखीव आहे, त्यामुळे कोणीही उठून कळप पाळू शकत नाही.

आता त्या कुटुंबाचा हिशोब बघा. रेनडिअर हिवाळ्यात बर्फ खुरांनी उकरून खालचं दगडफूल खातो. पूर्वी थंडी एकदा पडली की टिकायची, बर्फ भुसभुशीत राहायचा. आता भर हिवाळ्यात पाऊस पडतो, तो गोठतो आणि जमिनीवर बर्फाची पाटी बसते. जनावराला खालच्या चाऱ्याचा वास येतो, तोंड पोचत नाही. मग विकतचं खाद्य आणायचं, स्नोमोबाइलवरून डोंगरात पोचवायचं. मांसाच्या विक्रीवर हे भागत नाही. पर्यटकांचे पैसे येतात म्हणून एखाद्या घरातला विशीतला मुलगा कळपाबरोबर राहतो. 'जाऊ नका' म्हणणं सोपं आहे, त्याचा फटका त्या घराला बसतो.

आणि शेकोटीपाशी काय बोललं जातं ते ऐकून मत बनवावं. मी पाहुण्यांना घेऊन अनेकदा गेलोय. आजीला वसतिगृहाच्या शाळेत आपल्या भाषेत बोलल्याबद्दल कसं वागवलं, हे नातवाच्या तोंडून तिथेच ऐकलंय. ज्यांना फक्त फोटो हवे असतात ते फोटो काढतात. त्यासाठी बाकीच्यांना का अडवायचं?

एक रीत मात्र जाणाऱ्यांनी लक्षात ठेवा. 'तुमच्याकडे किती रेनडिअर आहेत?' हे विचारू नका. आपण कोणाला बँकेतली शिल्लक विचारत नाही, तसंच ते. आपले लोक हाच प्रश्न सगळ्यांत आधी विचारतात.

हिमकण

नॉर्वेचं ठीक आहे, पण बरेच जण फिनलंडला, रोव्हानिएमीला जातात. तिथे गोष्ट वेगळी आहे आणि उत्तरवाट यांचा राग तिथे शंभर टक्के योग्य आहे. फिनलंडच्या कायद्यात सामींचा प्रदेश ठरवून दिलाय : उत्स्योकी, इनारी, एनोन्तेकिओ आणि सोदानक्युलाचा उत्तर भाग. रोव्हानिएमी त्यात येतच नाही. शिवाय फिनलंडमध्ये रेनडिअर पाळायला सामी असावं लागत नाही, फिनिश शेतकरीही पिढ्यानपिढ्या पाळतात. ते त्यांचं हक्काचं काम, त्यात काही गैर नाही. गैर हे की अशा ठिकाणी वर्षानुवर्षं सामी नसलेल्या माणसांना गाक्तीसारखे कपडे चढवून, ढोल वाजवत 'लॅपलंडची दीक्षा' देण्याचे खेळ झाले. सामी तरुणांनी याविरुद्ध आवाज उठवला. फिनलंडच्या सामी संसदेने २०१८ मध्ये पर्यटनासाठी आचारतत्त्वं मंजूर केली, त्यांत हेच सांगितलंय की आमची संस्कृती खोटी करून विकू नका, आमच्या घरांना, रोजच्या जगण्याला प्रेक्षणीय स्थळ बनवू नका.

ढोलाचं दुःख मोठं आहे. सतराव्या शतकात मिशनऱ्यांनी ते जप्त केले, जाळले, ठेवणाऱ्यांवर खटले भरले. १६९१ मध्ये एका वृद्ध सामीकडून हिसकावलेला ढोल डेन्मार्कच्या संग्रहालयाच्या मालकीचा होता, नॉर्वेतल्या कारास्योकच्या सामी संग्रहालयात तो १९७९ पासून नुसता उसना ठेवलेला होता, मालकी सामींना २०२२ मध्ये कुठे परत मिळाली. ज्यापायी माणसं न्यायासनापुढे उभी केली गेली, ती वस्तू पर्यटकांपुढे गंमत म्हणून कोणीही बडवावी हे मला सहन होत नाही.

म्हणून माझा मुद्दा : मालक कोण, गाणारा कोण, हे आरक्षणाआधी विचारा. सामी कुटुंब असेल तर खुशाल जा.

उत्तरवाट

हिमकण, मालकीचा प्रश्न विचारायलाच हवा, पण तेवढ्याने माझी अडचण सुटत नाही. सामी माणूस स्वतः दाखवत असला तरी त्याला काय दाखवता येतं हे गिऱ्हाईक ठरवतं. गिऱ्हाइकाला जनावर हवं, तंबू हवा, रंगीत कपडे हवेत. हेलिकॉप्टर आणि ड्रोनने कळप वळवणारा, जीपीएसचे पट्टे लावणारा, खाणीच्या सुनावणीला वकील घेऊन जाणारा पशुपालक त्याला नको असतो. तोही सामीच.

फोसेनचं उदाहरण घ्या. मध्य नॉर्वेतल्या या भागात दक्षिण सामींच्या हिवाळी कुरणांवर १५१ पवनचक्क्या उभ्या राहिल्या. ११ ऑक्टोबर २०२१ ला नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने अकरा न्यायाधीशांच्या एकमताने निकाल दिला की परवाने अवैध आहेत, सामींच्या संस्कृतीच्या हक्काचा भंग झालाय. आणि पुढे? पाती फिरतच राहिली. निकालाला पाचशे दिवस झाले तेव्हा, फेब्रुवारी २०२३ मध्ये, सामी तरुण ऑस्लोत ऊर्जा मंत्रालयात ठिय्या देऊन बसले. त्यांनी गाक्ती उलटी, आतली बाजू बाहेर करून घातली होती, ही निषेधाची त्यांची जुनी रीत. मला ही गाक्ती महत्त्वाची वाटते. ट्रॉम्सोच्या फोटोतली नाही.

गोठेकर

मी पशुवैद्य आहे, म्हणून जनावराच्या बाजूने बोलतो. त्याचं कोणी नावच काढत नाहीये.

स्लेजला जुंपतात ते बहुतेक खच्ची केलेले, माणसाळलेले नर. त्यांना वर्षानुवर्षं शिकवावं लागतं. ओळखीच्या माणसाच्या देखरेखीत, कुंपणात, ठरावीक वेळ पर्यटक आले तर फारसं बिघडत नाही. बिघडतं ते बाहेर. हिवाळ्याच्या शेवटी मोकळ्या कळपातल्या माद्या गाभण असतात, अंगात चरबी उरलेली नसते. अशा वेळी हौशी स्कीवाले, मोकळी सोडलेली कुत्री, डोक्यावर फिरणारा ड्रोन, यांतलं काहीही आलं की कळप उधळतो. पळण्यात शक्ती जाते, कधी गर्भही जातो. मे महिन्यात वासरं येतात तेव्हा तर कळपाच्या आसपास फिरकूच नये.

त्यामुळे उत्तरवाट, तुमचा सल्ला ऐकून लोकांनी तळावर जायचं सोडलं आणि 'अस्सल' कळप शोधत डोंगरात निघाले, तर जास्त नुकसान होईल. कुंपणातली भेट बरी.

साधा वाचक

मला उत्तरवाट यांची अपेक्षाच अवास्तव वाटते. आठवड्याभरासाठी आलेला माणूस सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचून जाणार आहे का? त्याला आधी जनावर आवडतं, मग माणूस, आणि त्यानंतर कधीतरी त्या माणसाची अडचण. आपल्याकडे मेंढरं घेऊन कोकणात उतरणाऱ्या धनगरांबद्दल शहरी माणसाला काय माहीत असतं? गजी नृत्य बघितलेलं असतं, तेवढंच. पण ज्याने तेही बघितलं नाही, तो वनखात्याने चराई बंद केल्याची बातमी वाचायला थांबेल का?

उत्तरवाट

धनगरांचं उदाहरण माझ्याच बाजूने जातं. गजी नृत्य महोत्सवांतून किती वर्षं दाखवलं जातंय. चराईचा प्रश्न त्यामुळे एक पाऊल तरी पुढे सरकला का? नाच बघून टाळ्या वाजवणं आणि कुरणाच्या हक्कासाठी उभं राहणं यांच्यामध्ये आपोआप बांधला जाणारा पूल नसतो. सामींनी जे मिळवलं ते भांडून. आल्ता नदीवरच्या धरणाविरुद्ध १९७९ मध्ये ऑस्लोत संसदेसमोर लाव्वू ठोकून उपोषण केलं, १९८१ च्या जानेवारीत शेकडो पोलिसांनी स्तिल्लाच्या आंदोलकांना उचलून नेलं. धरण झालंच. पण त्या लढ्यातून सामी कायदा आला, १९८९ मध्ये कारास्योकला सामी संसद सुरू झाली, १९९० मध्ये नॉर्वेने मूळनिवासींच्या हक्कांचा आंतरराष्ट्रीय करार सर्वांत आधी मान्य केला. यात पर्यटकाचं श्रेय शून्य.

फ्योर्डकाठी

इथे तुम्ही एक गोष्ट सोडताय. संसदेसमोर लाव्वूच का ठोकला? कारण तो बघताक्षणी ऑस्लोच्या माणसाला कळलं की हे कोण आहेत. ओळखीची खूण होती म्हणून ती हत्यार झाली. २०१७ मध्ये मारेत आन्ने सारा या कलावतीने नॉर्वेच्या संसदेपुढे रेनडिअरच्या चारशे कवट्यांचा पडदा टांगला, तोही याच अर्थाने. तिच्या भावाला सरकारने कळप ७५ जनावरांवर आणायला सांगितलं होतं, तो खटला सर्वोच्च न्यायालयात हरला. रेनडिअरची खूण सामींनी स्वतः अशी वापरली. ती पर्यटनाच्या स्वाधीन करायची आणि आपण दूर राहायचं, हे मला पराभव मानल्यासारखं वाटतं.

फोसेनचंही पूर्ण सांगायला हवं. डिसेंबर २०२३ आणि मार्च २०२४ मध्ये तिथल्या पशुपालकांच्या दोन्ही गटांनी सरकार आणि कंपन्यांशी समझोते केले. भरपाई आणि जास्तीची कुरणं कबूल झाली, पवनचक्क्या जागच्या जागी आहेत. पशुपालकांनी हे का स्वीकारलं? वर्षानुवर्षं कोर्टात उभं राहायला पैसा आणि माणसं लागतात. कळपातून पैसा येत नसेल तर लढा चालत नाही. म्हणून म्हणतो, उत्पन्नाला नाक मुरडू नका.

हिमकण

दोघांनाही विचारते, मग जाणाऱ्याने काय करावं? माझ्या मते, तळावर जायचंच असेल तर जा, पण त्याच प्रवासात एक दिवस इनारीच्या सीदा संग्रहालयाला द्या. २०२१ मध्ये फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयाने दोन हजारांहून जास्त सामी वस्तू तिथे परत पाठवल्या. किंवा फेब्रुवारीत स्वीडनच्या योकमोकचा बाजार गाठा. चारशेहून जास्त वर्षांचा हा बाजार आजही सामींच्या भेटीगाठींचा, हस्तकलेच्या खरेदी-विक्रीचा आहे. सुरी, बर्चच्या लाकडाचा कप घ्यायचा तर दुओजीची, म्हणजे सामी हस्तकलेची, खरी खूण असलेलाच घ्या, कारागिराच्या हातात पैसे पडतात.

उत्तरवाट

हे मला मान्य. ट्रॉम्सोच्या अर्ध्या दिवसाऐवजी तो दिवस कारास्योकला द्या, संसदेची इमारत बघा, संग्रहालय बघा. सहा फेब्रुवारी हा सामींचा राष्ट्रीय दिवस, १९१७ मध्ये त्या दिवशी ट्रॉन्हाइमला त्यांची पहिली मोठी परिषद भरली होती. त्या दिवशी उत्तरेतल्या कुठल्याही गावात असाल तर शहरातली, मासेमारी करणारी, शाळेत शिकवणारी सामी माणसं गाक्ती घालून रस्त्यावर दिसतील, स्वतःसाठी. 'ऐवजी' हा शब्द मात्र मी मागे घेत नाही, फ्योर्डकाठी.

फ्योर्डकाठी

आणि मी 'शिवाय' म्हणतो. मार्चमध्ये नाशिकहून भाऊ-वहिनी येताहेत. त्यांना आधी तळावर नेणार आहे, तिथून कारास्योकला. यजमान ओळखीचे आहेत. फोसेनबद्दल विचारा असं दोघांना आधीच सांगून ठेवलंय.