मदत हवी आहे: विनाअनुदानित कॉलेजातली जुनी सेवा कॅससाठी (प्राध्यापकांच्या बढतीच्या योजनेसाठी) धरतात का?

नमस्कार मंडळी,

धुळे जिल्ह्यातल्या एका अनुदानित महाविद्यालयात जुलै २०१९ पासून सहायक प्राध्यापक आहे. नेट आणि पीएच.डी. २०१५ च्या आधीच झालेलं. म्हणजे वेतनाच्या लेव्हल १० मधून ११ मध्ये जायला चार वर्षं लागतात. त्यासाठीचे ओरिएंटेशन, रिफ्रेशर कोर्स उरकलेत. अडलंय ते जुन्या सेवेवर.

सुरुवातीला सीएचबी (तासिका तत्त्वावर शिकवणं) केलं, ते मोजत नाहीत हे माहीत आहे. पण २०१५ ते २०१८ जळगाव जिल्ह्यात एका कायम विनाअनुदानित कॉलेजात पूर्णवेळ होतो. रीतसर जाहिरात, विद्यापीठाची निवड समिती, मान्यतेचं पत्र, सगळं आहे. पत्रात वेतनश्रेणी १५,६००–३९,१०० आणि एजीपी (श्रेणी वेतन) ६,००० लिहिलंय. खात्यात मात्र एकरकमी १८ हजार यायचे. (कुठे बोलणार? दर जूनमध्ये 'पुढच्या वर्षी बघू'.) मग वर्षभराचा खंड, मग इथे.

आमचे ओ.एस. (कार्यालय अधीक्षक) म्हणतात, "खंड पडला, विषय संपला." ही तीन वर्षं धरली तर माझी पात्रता २०२३ ऐवजी २०२० ला येते, आणि पुढची लेव्हल १२ सुद्धा तितकीच अलीकडे सरकते. कुणी असं प्रकरण उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयातून मंजूर करून आणलंय का?

— तापीकाठचा मास्तर

सातपुडा_७०: सर, तुमचे ओ.एस. २०१० चं रेग्युलेशन वाचतायत. त्यात तात्पुरती सेवा एक वर्षापेक्षा जास्त हवी आणि तिथूनच खंड न पडता कायम पदावर निवड हवी, अशी अट होती. १८ जुलै २०१८ च्या यूजीसी रेग्युलेशनमध्ये कलम १० काढून बघा. सलगतेची ती अट तिथे नाही. तिच्या जागी पगाराची आली: कंत्राटी किंवा तात्पुरत्या माणसाचं एकूण वेतन नियमित सहायक प्राध्यापकाच्या एकूण वेतनापेक्षा कमी नसावं. तेव्हा नुसतं मूळ वेतन २१,६०० (१५,६०० अधिक एजीपी ६,०००) होतं, वर महागाई भत्ता. १८ हजारांवर तुम्ही कंत्राटीच्या दारातून आत जाऊच शकत नाही.

तापीकाठचा मास्तर: म्हणजे संपलंच?

सातपुडा_७०: नाही हो. तुम्ही स्वतःला कंत्राटी का म्हणवून घेताय? निवड समिती, मान्यता, श्रेणी लिहिलेली. नियमित सेवा म्हणूनच मांडा. पात्रता तीच, पद आणि श्रेणी समकक्ष, निवड विहित पद्धतीने, एवढं त्याच कलमात मागितलंय. व्यवस्थापन खाजगी की सरकारी असा भेद करायचा नाही, हेही तिथेच आहे. माझ्या मते तुमची बाजू उभी राहते. पण नेमणुकीच्या आदेशात 'कंत्राटी' किंवा 'अकरा महिन्यांसाठी' असा शब्द असेल तर अवघड आहे. आधी तो बघा.

केळीवाली_बाई: आमच्या विभागातल्या मॅडमचं प्रकरण असंच होतं. त्रुटी निघाली ती फॉर्म १६ वरून, श्रेणी एक आणि पगार दुसरा. तेव्हा बँकेचं स्टेटमेंट आपणहून जोडायची घाई करू नका, पण कुणी विचारलं तर खोटंही सांगू नका. नेमणूक आदेश, रुजू अहवाल, मान्यतापत्र, कार्यमुक्ती आदेश, अनुभव प्रमाणपत्र एवढं आधी हातात ठेवा.

खान्देशी_भो: भो, कागदं आधी गोया करा, वाद नंतर.

तापीकाठचा मास्तर: आदेश शोधला. 'परिवीक्षाधीन, दोन वर्षे' असं आहे, कंत्राटी नाही. पण ते कॉलेज आता बंद पडलंय, अनुभव प्रमाणपत्रावर सही कुणाची घेऊ?

सातपुडा_७०: परिवीक्षाधीन असेल तर उत्तमच. संस्था जिवंत असेल तर सचिवांची घ्या. शिवाय मान्यतापत्राचा जावक क्रमांक टाकून विद्यापीठाच्या मान्यता विभागाकडे साक्षांकित प्रत मागा. अर्ज लेखी द्या आणि पोच घेतल्याशिवाय टेबलावरून हलू नका.