नकुशी आणि धोंडू एकाच माळेतली नावं आहेत का?

साताऱ्याची लेक:
परवा एका लग्नाच्या पंगतीत एक काका म्हणाले, "नकुशी काय, धोंडू काय, जुन्या माणसांची रीतच होती ती. पोर जगावं म्हणून ओंगळ नाव ठेवायचे." तेव्हापासून हे डोक्यातून जात नाही, म्हणून इथे मांडते.

आधीची मुलं दगावली की पुढच्याचं नाव दगडू, धोंडू, कचरू, भिकू ठेवायचे. बाळ कुणाच्या डोळ्यांत भरू नये, त्याला दृष्ट लागू नये, यासाठी. म्हणजे नाव ओंगळ असलं तरी पोर हवंच असायचं. नकुशीचं उलट आहे. दोन-तीन मुलींवर आणखी एक झाली की तिच्या कपाळी हे नाव यायचं. ऑक्टोबर २०११ मध्ये आमच्या जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभ करून नवी नावं दिली गेली. दगडूसाठी कुणाला समारंभ करावा लागला नाही. ही दोन नावं एका माळेत ओवू नका.

माणदेशी:
ताई, एवढं सरळ नाही. नकुशी नावामागेही नवसच असायचा. "देवा, मुली पुरे, आता मुलगा दे" हे देवाला ऐकू जावं म्हणून ते नाव. त्याचा रोख त्या लेकरावर नसायचा. माझ्या सख्ख्या आत्याचं नाव नकुशी. आजोबांनी तिला तळहाताच्या फोडासारखं जपलं, आणि शेवटच्या दुखण्यात त्यांच्या तोंडी तिचंच नाव होतं. नाव बदलून घे म्हटलं तर आत्या म्हणाली, "साठ वर्षं याच नावाला ओ दिली, आता दुसरं कुठं लक्षात ठेवू?"

साताऱ्याची लेक:
आजोबांची माया खरीच. पण ती नाव असं असूनही केलेली माया आहे, नावात ती नाही. आणि रोख लेकरावर नव्हता म्हणता, मग वर्गात हजेरीला "नकुशी" म्हटल्यावर उठून उभं कोण राहायचं?

पाटीपेन्सिल:
"दगडूसाठी कुणाला समारंभ करावा लागला नाही" हे वाक्य मला लागलं. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायातला ३१वा श्लोक वाचा. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बलाचं, वैश्याचं धनाचं, आणि शूद्राचं जुगुप्सित, म्हणजे किळस यावी असं. आमच्या वस्तीत पणजोबांच्या पिढीत कचरू, धोंडू, उकर्डू होते. त्या सगळ्यांच्या आधीची भावंडं दगावली होती असं कसं मानू? वडिलांच्या पिढीत मात्र गौतम, सिद्धार्थ, राहुल, सुजाता. मधे १४ ऑक्टोबर १९५६ आहे. आमचा समारंभ नागपूरला झाला.

जुनं दप्तर:
मुद्दा मोलाचा आहे, पण सगळं त्यात बसत नाही. थोर गणिती छत्रे यांचं (१८२५–१८८४) नाव केरो लक्ष्मण, आणि केरो हे केरकचऱ्यातलंच नाव. १९५८ साली भारतरत्न मिळालेले महर्षी कर्वे धोंडो केशव. ही ब्राह्मण घरांतली नावं. दृष्टीची भीती सगळ्या जातींत होती, कारण बाळं सगळ्यांच्याच घरात जात होती. शिवाय प्रत्येक धोंडू दगडावरूनच आला असंही नाही. अधिक महिन्याला आपण धोंड्याचा महिना म्हणतो. त्या महिन्यात जन्मलेल्यालाही हे नाव ठेवतात.

पाटीपेन्सिल:
उदाहरणं मान्य. पण पुढे काय झालं तेही बघा. केरोचे केरूनाना झाले, धोंडोंना लोक अण्णा म्हणू लागले. आमच्या पणजोबांना गावात मरेपर्यंत "कचऱ्या" अशीच हाक होती. नाव दृष्टीसाठी ठेवलं असेलही, पण त्याला "नाना" जोडायचं की "या", हे गाव जात बघून ठरवायचं.

माणदेशी:
हे मी लहानपणी कानांनी ऐकलंय. यावर वाद घालणार नाही.

साताऱ्याची लेक:
पाटीपेन्सिल, माझं ते वाक्य चुकलं, मागे घेते. लिहिताना तुमच्या घरांचा विचारच केला नव्हता.

नकुशीबद्दल मात्र ठाम आहे. माणदेशीदादा, आपल्याकडे धोंडाबाई, दगडाबाई, कचराबाई होत्याच ना? म्हणजे मुलगी जगावी असं वाटलं तर तिच्यासाठीही दृष्टीचं नाव तयार होतं. ते हाताशी असताना घरानं नकुशी हे नाव उचललं.

माणदेशी:
हे खरंच सुचलं नव्हतं. आत्याच्या वरची एक बहीण लहानपणीच गेली, एवढं पुसट ऐकलंय. तिचं नाव काय ठेवलं होतं, हे आत्यालाच उद्या फोन करून विचारतो आणि इथे लिहितो.