पूर ओसरल्यावर कशानं उभं राहिलात? (अनुभव धागा)

कृष्णाकाठची
काल लेकीच्या शाळेच्या गॅदरिंगच्या परकराला फ्रिल लावत होते आणि मशीनचा खट्-खट् आवाज ऐकून हातच थांबला. आईचं मशीन आहे हे. २०१९ ला आठवडाभर पाण्याखाली होतं.

आम्ही सांगलीत गावभागात. २००५ ला पाणी कुठंवर आलेलं त्याची खूण भिंतीवर होतीच, त्या हिशोबानं सगळं त्याच्यावर चढवलं, मशीन पण कॉटवर विटा आणि विटांवर फळी टाकून ठेवलं आणि विश्रामबागला मामाकडं गेलो. पण २००५ ला कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला त्रेपन्न-चोपन्न फूट पाणी होतं आणि ह्यावेळी सत्तावन्नच्या वर गेलं. आलो तेव्हा पोटरीएवढा चिखल, फ्रिज आडवा होऊन दारात अडकलेला, गव्हाचं पोतं फुगून फुटलेलं आणि तो वास. ज्यांनी घेतलाय त्यांनाच कळेल.

बाबांना जाऊन तेव्हा दोन वर्षं झालेली. मी दारातच रडायला लागले. आई काहीच बोलली नाही, चिखलातून मशीन ओढत काढलं, मला एका बाजूनं धरायला लावलं आणि गच्चीवर नेलं. ड्रॉवर फुगून बसलेला, उघडेना. शेजाऱ्यांनी बाटलीभर रॉकेल दिलं. पेपर पसरून एकेक भाग काढून ओळीनं मांडला, काढला त्याच क्रमानं, म्हणजे बसवताना उलट जायचं. शटल, बॉबिन केस, सुईखालची पट्टी. दात्यांमधला चिखल सुईच्या टोकानं काढत होती, एकेक दाता. खाली घर तसंच पडलेलं आणि ही तीन तास हेच करतीय. मी चिडले पण तेव्हा, आता कबूल करते.

चौथ्या दिवशी मशीन चाललं. त्या आठवड्यात मदतीचे ट्रक येत होते, साड्या ढीगभर आल्या, पण परकर कुणी पाठवले नव्हते. बायका कुणाला सांगणार? आईनं आलेल्या चादरी फाडून गल्लीत २३ परकर शिवले. नाडीला जुन्या साडीचे काठ. घराचा चिखल नंतर निघाला.

तुमचं काय होतं? मोठंच काही असायला पाहिजे असं नाही. आपण परत उभं राहिलो ते नेमकं कशाला धरून, एवढंच सांगा.

दुपारचा_चहा
परकर वाचून थांबले. आम्ही पुण्यातून टेम्पो भरून पाठवलेला, बिस्किटं पाणी ब्लँकेट, साड्या मी स्वतः निवडल्या होत्या, हे डोक्यातच आलं नाही. आईंना नमस्कार सांगा. कुकर लावलाय, माझं नंतर लिहिते

शिरोळकर
आमचं शिरोळ तालुक्यात. ४ म्हशी होत्या, पाणी गोठ्यात आल्यावर दावी कापून सोडल्या, ३ पोहत वर आल्या, एक गाभण होती ती गेली. राहिलेल्या तिन्ही पण चाऱ्याअभावी आजारी पडल्या त्या विकल्या. वडील १५ दिवस कुणाशी बोलले नाहीत. पण पहाटे पाचला उठून कॅन घेऊन दूध संस्थेपर्यंत जायचे आणि परत यायचे. रिकामा कॅन. आई म्हणायची डोक्यावर परिणाम झाला काय, दवाखान्यात दाखवूया.
मग एकदा शेजारच्या अण्णांनी संस्थेच्या दारात स्वतःच्या कॅनमधलं २ लिटर त्यांच्या कॅनात ओतलं आणि म्हणाले घाल तुझ्या नावावर, पुस्तकात खाडा नको. वडील घरी येऊन पहिल्यांदा रडले. आज ५ म्हशी आहेत. अण्णा गेले कोविडात. लिहिताना पण भरून येतंय भावांनो

मिरजेचा_मुलगा
शिरोळकर 🙏 तेव्हा हायवे शिरोलीजवळ कितीतरी दिवस बंद होता ना, आम्ही कोल्हापुरात अडकलेलो, पेट्रोल नाही दूध नाही

शिरोळकर
हो. आणि गावात दूध असून बाहेर काढायला रस्ता नाही. ओतून दिलं लोकांनी.

वाशिष्ठी२१
चिपळूण, २२ जुलै २०२१. सकाळी उठलो तर पाणी जिन्यात. बाजारपेठेत माझं स्टेशनरीचं दुकान, शाळा बंद असल्या तरी वह्यांचा माल नुकताच भरला होता, सगळा लगदा. पाऊस वरून, भरती खालून, वाशिष्ठी जाणार कुठं. आमच्या डेपोचे आगारव्यवस्थापक रोकड सांभाळत एसटीच्या टपावर तासन्‌तास बसून राहिले होते, पेपरात वाचलं असेल सगळ्यांनी.
मी दोन दिवस शटरच वर केलं नाही. तिसऱ्या दिवशी ओळख ना देख अशी कॉलेजची पोरं फावडी खराटे घेऊन आली, रात्रभर गाडी चालवून आलेली, म्हणाली काका शटर उघडा आम्हाला फक्त चिखल कुठं टाकायचा ते दाखवा. आता दाखवायचं म्हणजे उठायलाच लागलं ना. नावं पण विचारायची राहिली. हिनं पिठलंभात केला तेवढा जेवली आणि पुढच्या दुकानात गेली.

नातू_लातूरचा
थोडं वेगळं लिहितो, राग मानू नका. माझी आजी किल्लारीजवळच्या गावातली. ३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी गणपती विसर्जन, माणसं दमून झोपलेली, पहाटे ३.५६ ला भूकंप, गेलं सगळं. दगडमातीच्या रुंद भिंती आणि वर माळवद, तेच अंगावर आलं. घरातली ५ माणसं. आजी वाचली कारण ती बाहेर अंगणात झोपली होती.
सगळे म्हणायचे म्हातारी किती खंबीर. मी तिच्याजवळ झोपायचो. ती रोज पहाटे चारच्या आधी उठून बसायची, वीस वर्षं, आणि उजाडेपर्यंत माझ्या छातीवर हात ठेवून श्वास बघायची. पुनर्वसनाचं पक्कं घर मिळालं तरी पावसाळा सोडला तर बाहेरच झोपायची. दिवसा मात्र खुरपायला पहिली. मला खंबीर हा शब्द ऐकला की तिचा हातच आठवतो. भीती गेली नव्हती कधीच. ती भीती घेऊनच खुरपायला जायची.

कृष्णाकाठची
राग कसला. दोनदा वाचलं. आई पण अजून पाऊस वाढला की रात्री उठून नळाखालची फरशी चाचपते, ओली आहे का.

न्यूजर्सीकर
आम्ही लांब असणाऱ्यांचं काय सांगायचं. आई-बाबा सांगलवाडीत, फोन बंद, मी इथं रात्रभर आयर्विनची पातळी रिफ्रेश करतीय. ४० इशारा, ४५ धोका, लहानपणापासून पाठ. ५५ झालं तेव्हा देवासमोर जाऊन बसले. शेवटी बाबांनी बोटीतून उतरल्यावर कुणाचा तरी फोन घेऊन केला आणि पहिलं वाक्य काय तर "तू जेवलीस का?"

दुपारचा_चहा
आले. माझं नाही, सासूबाईंचं. १२ जुलै १९६१, पानशेत. शनिवार पेठेत राहायचे, त्या तेव्हा ११ वर्षांच्या. धरण फुटलं, मग खडकवासला पण गेलं. वाडा बसला. नंतर दीडेक वर्ष निसन हटमध्ये काढलं, अर्धगोल पत्र्याची घरं, उन्हाळ्यात भाजून निघायचं. त्यांच्या आईनं तिथं पहिल्या दिवशी काय केलं तर दारात रांगोळी काढली. रांगोळी कुठली मिळायला, चुलीतली राख घेतली. शेजारीण म्हणाली अहो इथं कशाला, तर म्हणे पोरींना संध्याकाळी आपलं दार ओळखता यायला नको? सगळी दारं सारखीच होती ना. दोन दिवसांत अख्ख्या रांगेत रांगोळ्या, प्रत्येकीची वेगळी.
सासूबाई अजून रोज काढतात, गुडघे दुखतात तरी. मी आजपर्यंत म्हणायचे कशाला एवढं. आता नाही म्हणणार.

मिरजेचा_मुलगा
कुणाकडे ओल्या कागदपत्रांचं काही माहितीय का? मामाच्या ७/१२ च्या जुन्या नकला आणि लग्नाचा अल्बम तेव्हापासून चिकटून बसलाय

वाशिष्ठी२१
नकला तलाठ्याकडे नव्या मिळतील, त्याची काळजी नको. अल्बम ओढून काढू नका, फोटोचा रंग निघून येतो. आमच्याकडे ओले असतानाच मधे मधे कोरा कागद घालून सावलीत वाळवले ते वाचले, उन्हात टाकले ते वाकडे झाले. सुकून चिकटलेल्याचं चांगल्या फोटोवाल्याला विचारा. आहे तसा आधी मोबाईलवर फोटो काढून ठेवा.

आज्जीची_नात
सगळं वाचलं, लिहायला जमत नाहीये. आमचं ब्रह्मनाळ, २०१९ च्या पुरात बोट उलटली ते.

शिरोळकर
ताई 🙏🙏 लिहू नका. आहोत आम्ही इथं.

न्यूजर्सीकर
जवळ घेतलंय समजा.

दुपारचा_चहा
कृष्णाकाठची, मशीनला पट्टा नवीन घातलात का? माझ्या आईचं तसंच पडून आहे, काढावंसं वाटायला लागलंय.

कृष्णाकाठची
हो, चामड्याचा पट्टा कुजलाच होता, तो नवीन. मशीन दुरुस्तीवाल्याकडं मिळतो, जुना असेल तर मापाला न्या. बाकी सगळं जुनंच. आणि तेल घालून एक दिवस तसंच ठेवा, लगेच चालवू नका.
आता उठते. वर पाऊस चांगलाच धरलाय, कोयनेतून सोडणार म्हणतायत. आई मशीन आत्ताच वर घ्या म्हणून मागं लागलीय. मी म्हटलं २०१९ च्या खुणेच्या वर आहे की. तर म्हणे खुणेचं सांगू नकोस मला, गच्चीच्या खोलीत ने.