वर्गणी थांबली की पुस्तकही जातं, याला वाचनालय कसं म्हणायचं?

बाभूळबन
काल एका गटात कुणीतरी लिहिलं, "महिन्याला एका पिझ्झाच्या पैशात हजारो पुस्तकं कानात येतात, तरी लोक कपाटं भरत बसलेत. ही धूळ जमवायची हौस आहे, वाचनाची नव्हे." तेव्हापासून डोक्यातून जात नाही, म्हणून सविस्तर लिहितोय.

मी दोन वर्षं ऑडिओबुकची वर्गणी भरली. डोंबिवलीहून गाडीत उभ्यानं ऐकायचो. एक कादंबरी ३१ तासांची होती, त्यातले १९ तास झाले होते. नायिकेचा भाऊ ट्रंक उचलून घराबाहेर पडतो, तिथं माझं स्टेशन आलं. सोमवारी ॲप उघडलं तर "हे पुस्तक सध्या उपलब्ध नाही." विचारल्यावर उत्तर आलं की प्रकाशकाशी करार संपला. आधी एक ओळ कळवली नाही, आणि मी करून ठेवलेल्या खुणाही गेल्या. वडिलांनी घेतलेली पुस्तकं चाळीस वर्षं घरात आहेत, ती अशी कुणी काढून नेली नाहीत.

विकत घेतलेल्या ई-पुस्तकाचीही खात्री नाही. २००९मध्ये ॲमेझॉननं ऑर्वेल या इंग्रज लेखकाच्या पुस्तकांच्या विकलेल्या प्रती लोकांच्या किंडलमधून, म्हणजे ई-पुस्तक वाचायच्या यंत्रातून, परस्पर पुसल्या होत्या. पैसे परत दिले, पण कुणाला विचारलं नव्हतं.

माहुलीसंगम
कपाटाचं कौतुक डोळे धड असणाऱ्यांनी करावं. आईला काचबिंदू आहे. तीन वर्षांपूर्वी एक डोळा गेला, दुसऱ्यानं फक्त दाराची चौकट दिसते. जन्मभर वाचनालयाची पुस्तकं बदलून आणणारी बाई, वर्षभर खिडकीशी नुसती बसून होती. आता सकाळी पोळ्या होईपर्यंत ऐकते. "पंधरा सेकंद मागे" हे बटण कुठं आहे ते बोटाला पाठ झालंय. मध्ये कुकरची शिट्टी झाली की तेवढंच मागे नेते.

आणि सरकारी सोयी सांगू नका. अंधांना वाचता येतील अशा रूपात पुस्तकं मिळावीत म्हणून झालेला मराकेश करार मंजूर करणारा भारत हा पहिला देश, २०१४ साली. २०१६मध्ये सुगम्य पुस्तकालय हे त्यांच्यासाठीचं ऑनलाइन वाचनालय सुरू झालं. दोन्ही चांगलंच आहे, पण आईला हव्या त्या मराठी कादंबऱ्या मला तिथं सापडल्या नाहीत. पैसे भरून सापडल्या.

बाभूळबन
तुमच्या आईंबद्दल मी काही म्हटलेलं नाही. त्यांच्यासाठी उपयोग आहे, मान्य. पण उद्या त्यांचंही पुस्तक अर्ध्यावर गेलं तर?

टाकबोरू
लेखकाला काय मिळतं ते कुणी विचारणार आहे का? किंडल अनलिमिटेडमध्ये, म्हणजे ॲमेझॉनच्या ई-पुस्तकांच्या वर्गणी योजनेत, पुस्तक ठेवलं की वाचलेल्या पानांवर पैसे मिळतात, तेही त्या महिन्याच्या सामायिक निधीतून. पानाला किती, ते आधी ठरलेलं नसतं. वर ९० दिवस ते ई-पुस्तक दुसरीकडे कुठंच ठेवायचं नाही. माझा कवितासंग्रह त्यांच्या मोजणीत जेमतेम तीस पानांचा भरतो. एक कविता लोक दहा वेळा वाचतात, तिचं मोल पानांवर कसं ठरणार? मित्र म्हणतो, गूढकथांची मालिका लिही, पानं उलटतील. मी लिहिणार नाही.

शिरवाळे
पैशांचं नंतर बघू, आधी वाचतात कसं ते ऐका. मागच्या महिन्यात एक कथा लावली, यंत्राचा आवाज होता. चुलीतला "च" चंद्रातल्या "च"सारखा! "जरा थांब" मधला "जरा" म्हातारपणाच्या जरेसारखा! ज्याला हे दोन उच्चार वेगळे कळत नाहीत त्यानं मराठी पुस्तकाला हात लावू नये.

माणसं वाचतात तिथंही हेच दुखणं. मालवणी संवाद होता, "खंय गेल्लंस?" वाचणाऱ्यानं "खय" म्हणून टाकलं, अनुस्वार गिळून. माझी आजी जे बोलायची त्याची ही अवस्था. पुण्याबाहेर कुणी मराठी बोलतच नाही असं या लोकांना वाटतं का?

आवाजघर
मी हे काम करते, म्हणून राहवलं नाही. तासाभराच्या शुद्ध ध्वनिमुद्रणाला मला तीन तास लागतात. पंखा बंद, एसी बंद, कपडेही सळसळणारे चालत नाहीत. संहिता दोन दिवस आधी हातात पडते. मालवणी शब्द कुणाला विचारू, म्हणून मी स्वतः देवगडच्या मैत्रिणीला फोन करते, स्वतःच्या वेळात. सगळ्यांना एका काठीनं हाणू नका.

शिरवाळे
मग देवगडच्या माणसालाच माईकसमोर का बसवत नाहीत? मैत्रिणीला विचारून बोली येत असती तर काय हवं होतं!

आवाजघर
बसवावं. यावर माझं दुमत नाही. पण तो निर्णय माझ्या हातात नाही, आणि शिव्या मात्र मलाच पडतात.

देवडी
तुम्ही सगळे उच्चारांवर भांडताय, मुळात ऐकणं म्हणजे वाचन नव्हेच. भांडी घासताना कानात गोष्ट वाजते, त्याला वाचन म्हणणं हा वाचनाचा अपमान आहे.

माहुलीसंगम
आमच्याकडे श्रावणात पोथी लावायचे. एक जण वाचायचा, चाळीस जण ऐकायचे, त्यातल्या निम्म्यांना अक्षरओळख नव्हती. ओव्या त्यांना तोंडपाठ होत्या. त्यांचा अपमान तुम्ही करताय. आणि भांडी घासणाऱ्या बाईला हातात पुस्तक धरून बसायला वेळ कधी मिळतो, ते एकदा घरात विचारा.

देवडी
शब्द चुकला, मागे घेतो. ऐकणं आणि वाचणं वेगळं आहे, हे मात्र मागे घेणार नाही.

बाभूळबन
धागा कुठल्या कुठे गेला. असो. त्या कादंबरीची छापील प्रत परवा तालुक्याच्या वाचनालयात मिळाली. भाऊ ट्रंक घेऊन निघतो ते पान शोधून पुढे वाचायला लागलो, तर तो बोलला की निवेदकाचाच आवाज येतो, बारीकसा घोगरा. माझ्या मनातला भाऊ आता तसाच बोलतो. हे कबूल करायला जड जातंय. वर्गणी मात्र पुन्हा भरणार नाही.

माहुलीसंगम
नका भरू. आईचं पुस्तक अर्ध्यावर गेलं तर पुढचा धागा मी काढेन, तेव्हा या.